अनुभव सांगावा, तो पुरा सांगावा

(रुग्णालयाच्या वार्षिक मेळाव्यानिमित्त खर्डा येथे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



खर्ड्यात बोलायला उभा राहणारा प्रत्येक वक्ता आधी किल्ल्याकडे पाहतो आणि ११ मार्च १७९५ या दिवसाची आठवण काढतो. मीही काढणार आहे, पण माझे कारण थोडे निराळे आहे. निजामाच्या फौजेवर मराठी सरदारांनी एकजुटीने मिळवलेला तो विजय आपण अभिमानाने सांगतो. पण त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात सवाई माधवराव शनिवारवाड्यात पडून निवर्तले आणि पेशवाईची घडी विसकटू लागली, हा पुढचा भाग सहसा कोणी सांगत नाही. विजयाची गोष्ट खोटी नाही, ती अर्धी आहे. आज मला ज्या विषयावर बोलायचे आहे, त्यातही सारा घोटाळा अर्ध्या गोष्टीचा आहे. तो विषय म्हणजे माणसे एकमेकांना सांगतात ते नशेचे अनुभव.

काही वर्षांपूर्वी गळीत हंगाम संपल्यावर परतलेल्या एका ऊसतोड कामगाराला रात्री आपल्या रुग्णालयात आणले होते. वय पंचविशीच्या आत. घरी त्याला झटके आले होते. फेफरे समजून नातेवाइकांनी कांदा हुंगवला, हातात लोखंड दिले आणि यात तासभर गेला. तपासताना समजले की, अंगदुखीसाठी तो अफूच्या गटात मोडणाऱ्या एका वेदनाशामक गोळीच्या तीन-चार गोळ्या एकदम घेत असे, आणि त्या दिवशी त्यावर दारूही प्यायला होता. अशा गोळ्या अधिक मात्रेत घेतल्या तर झटके येऊ शकतात, आणि दारूची जोड मिळाली की श्वास मंदावत जाऊन थांबू शकतो. सुदैवाने तो वाचला. शुद्धीवर आल्यावर मी विचारले, "हे तुला सांगितले कोणी?" तो म्हणाला, "टोळीतल्या एकानं. तो रोज घेतो, डॉक्टर. त्याला काय बी झालं न्हाई."

हे शेवटचे वाक्य माझ्या मनात घर करून राहिले. त्या सहकाऱ्याने खोटे सांगितले नव्हते, त्याचे वाईटही चिंतिले नव्हते. पहाटेपासून कोयता चालवून पाठ मोडलेल्या मित्राला त्याने आपला अनुभव सांगितला होता. मग घात कुठे झाला? तर एकाच्या शरीराची गोष्ट दुसऱ्याच्या शरीराला लागू होतेच असे नाही, इथे. ज्याला सवय झालेली असते, त्याला जी मात्रा पचते, तीच नवख्याला भारी पडते. एवढेच नव्हे, गर्दसारख्या नशेत तर ज्याने काही महिने सोडले आहे, त्याचीही सहनशक्ती उतरलेली असते. जुन्या हिशेबाने तो पुन्हा घेतो आणि प्राणाला मुकतो. गोळीच्या पाकिटावर निदान तिची मात्रा छापलेली असते, पुडीवर ती कोण छापणार? आणि हातभट्टीच्या बाटलीत काय आहे, हे विकणाऱ्यालाही ठाऊक नसते. २०१७ च्या फेब्रुवारीत आपल्याच जिल्ह्यात पांगरमल येथे निवडणुकीच्या काळातील पार्टीत विषारी दारूने माणसे दगावली, ते आपण विसरलेलो नाही.

आज हा अनुभव सांगणारा केवळ टोळीतला वा पारावरचा उरलेला नाही. तरुणांच्या हातातील मोबाईलवर जगाच्या कुठल्याही कोपऱ्यातला अनोळखी माणूस आपण काय घेतले, किती घेतले आणि कसे वाटले, हे लिहून ठेवतो. अमेरिकेत १९९५ साली सुरू झालेल्या 'एरोविड' या संकेतस्थळावर असे हजारो अनुभव संग्रहित आहेत. त्यांची सरसकट निंदा करणे मला न्याय्य वाटत नाही. आपल्यावर काय संकट ओढवले आणि कोणती दोन द्रव्ये एकत्र घेऊ नयेत, हेही काहीजण तेथे प्रांजळपणे लिहितात. जे घरी बोलता येत नाही, ते माणूस परक्याजवळ बोलतो, यात त्याच्या एकटेपणाचीही खूण आहे. परंतु एक गोष्ट आपण ध्यानात ठेवली पाहिजे. लिहितो तो वाचलेला असतो. जो त्या रात्रीतून उठलाच नाही, त्याचा अनुभव कोण लिहिणार? म्हणून असा संग्रह कितीही मोठा असला, तरी त्यात एक आवाज कायमचा गैरहजर असतो. 'त्याला काही झाले नाही' असे शंभर जण सांगू शकतात, एकशे एकावा सांगायला उरत नाही.

माता-भगिनींनो, ही केवळ पुरुषांची कथा आहे असे समजू नका. तंबाखू तव्यावर काळी होईस्तोवर भाजून, कुटून केलेली मिश्री आपल्या किती घरांत आहे! ती दुकानदाराच्या जाहिरातीने घरात आली नाही. "दाढ दुखते का? जरा मिश्री लाव, मला लगेच आराम पडला," असे शेजारणीने पाणवठ्यावर सांगितले, म्हणून आली. हेही अनुभवकथनच. आराम पडतो हे खरे. पण पुढे ती न लावता सकाळ सुरू होत नाही, गरोदरपणी पोटातल्या बाळाचे वजन कमी भरण्याची भीती असते, तोंडाच्या कर्करोगाला वाट मिळते, हा उत्तरार्ध पाणवठ्यावर सांगितला जात नाही.

मग अनुभव सांगूच नयेत का? माझे उत्तर याच्या अगदी उलट आहे. ज्या वाटेने व्यसन आत शिरते, त्याच वाटेने ते बाहेरही काढता येते. अट एवढीच की, गोष्ट पुरी सांगितली गेली पाहिजे.

१९३५ सालच्या मे महिन्यात अमेरिकेतील ओहायो प्रांतातल्या ॲक्रन या गावी बिल विल्सन नावाचा एक व्यावसायिक कामासाठी आला होता. त्याने दारू सोडून काही महिने झाले होते. काम फसले, मन ढासळले आणि पावले पुन्हा दारूकडे वळतील अशी भीती त्याला वाटली. त्या वेळी त्याने उपदेशकाचा शोध घेतला नाही. आपल्यासारखाच एखादा दारुडा त्याने शोधला. तो सापडला डॉक्टर बॉब स्मिथ या शल्यचिकित्सकाच्या रूपाने. डॉक्टरसाहेब पंधरा मिनिटांच्या बोलीवर भेटायला तयार झाले आणि दोघे कित्येक तास बोलत बसले. दारूविषयी स्वतःच्या अनुभवातून बोलणारा हा पहिलाच माणूस, असे त्या डॉक्टरला वाटले. १० जून १९३५ हा दिवस 'अल्कोहोलिक्स ॲनॉनिमस' या चळवळीचा स्थापनादिन मानला जातो. तिच्या सभा आज आपल्या महाराष्ट्रातही भरतात. तेथे कोणी आडनाव विचारीत नाही, वर्गणी सक्तीची नसते, आणि बोलणारा आपल्यापुरतेच बोलतो.

आपल्याकडे याच विचाराला मराठी मातीत रुजवले ते पुण्याच्या मुक्तांगणने. डॉ. अनिल अवचट यांनी गर्दच्या विळख्यात सापडलेल्या तरुणांवर लिहिले. ते वाचून पु. ल. व सुनीताबाई देशपांडे अस्वस्थ झाले आणि त्यांनी मदतीचा हात पुढे केला. २९ ऑगस्ट १९८६ रोजी येरवड्याच्या मनोरुग्णालयाच्या आवारात मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्र उभे राहिले. डॉ. अनिता अवचट या स्वतः मनोविकारतज्ज्ञ. परंतु बऱ्या झालेल्या रुग्णांना त्यांनी कामात बरोबरीने सामील करून घेतले. कालचा रुग्ण आज समुपदेशक झाला. पत्नींसाठी 'सहचरी' हा गट निघाला, कारण व्यसनाची गोष्ट घरातल्या बाईच्या तोंडून ऐकल्याशिवाय पुरी होतच नाही. अनिताताई १९९७ मध्ये आणि अवचट २०२२ मध्ये गेले, पण काम अखंड चालू आहे. तुषार नातू यांनी 'नशायात्रा' मध्ये आपलाच व्यसनाचा प्रवास मराठीत निःसंकोचपणे मांडला, तोही याच परंपरेतला.

आणि हे आपल्याला परके वाटण्याचे तर काही कारणच नाही. आपल्या तालुक्याचे नाव जगाच्या आरोग्यनकाशावर गेले ते कशामुळे? डॉ. रजनीकांत आणि डॉ. मेबल आरोळे यांनी १९७० मध्ये जामखेडला काम सुरू केले, तेव्हा त्यांनी खेड्यातल्या, बहुतांशी निरक्षर अशा स्त्रियांना आरोग्यसेविका केले. त्या जामखेडला एकत्र जमत, गावात काय घडले ते एकमेकींना सांगत, चुकले तेही सांगत. बाळंतपणातले मृत्यू आणि अतिसाराने जाणारी मुले वाचली, त्यात औषधांइतकाच या सांगण्या-ऐकण्याचा वाटा होता.

आता माझी स्वतःची चूक सांगतो. झटके येऊन दाखल झालेल्या त्या तरुणाला मी बरे केले आणि घरी पाठवताना चांगले वीस मिनिटे समजावले. यकृताचे चित्र दाखवले, आईची शपथ घातली. तो मान डोलावत होता. महिन्याभरात तो पुन्हा खाटेवर होता. त्या वेळी आपल्याकडे उपचार घेऊन नऊ वर्षे दारूपासून दूर राहिलेले एक गृहस्थ तपासणीसाठी आले होते. मी त्यांना त्याच्याजवळ बसायला सांगितले. त्यांनी उपदेशाचा एक शब्द उच्चारला नाही. पहिल्या घोटाची मजा त्यांनी सांगितली, ती लपवली नाही. मग सकाळी थरथरणाऱ्या हाताने घेतलेला उतारा सांगितला, विकलेली बैलजोडी सांगितली, आणि मुलीच्या लग्नात मांडवाबाहेर पडून राहिल्याचे सांगितले. तरुण भिंतीकडे तोंड करून ऐकत होता. बऱ्याच वेळाने त्याने एकच प्रश्न केला, "मग पहिल्या रात्री झोप कशी लागली तुम्हाला?" वीस मिनिटांच्या माझ्या भाषणानंतर त्याने मला काहीही विचारले नव्हते. ते दोघेही आज या सभेत आहेत. त्यांची नावे मी सांगणार नाही, आपणही शोधू नयेत.

यातच आपल्यापुढची अडचण आहे. शहरात माणूस अनोळखी राहू शकतो. खर्ड्यात कोण कोणाच्या दारात गेला, हे संध्याकाळपर्यंत वेशीबाहेर पोचते. त्यामुळे माणसे ऐकणाऱ्याच्या भीतीने गप्प बसतात आणि पोरे मोबाईलवरच्या परक्याला विचारतात. २०१९ साली प्रसिद्ध झालेल्या राष्ट्रीय सर्वेक्षणानुसार दारूच्या आहारी गेलेल्या सुमारे अडतीस जणांमागे एकालाच कसलाही उपचार मिळतो. उरलेल्या सदतिसांतील कित्येकांना औषधाआधी ऐकून घेणारा माणूस हवा आहे.

म्हणून विश्वस्त मंडळाकडे माझे नम्र मागणे आहे. मला यंत्रसामग्री नको. आठवड्यातून एका संध्याकाळी रुग्णालयातील एक खोली द्यावी. दारावर व्यसनमुक्तीची पाटी नको. आत सतरंजी आणि पाण्याचा माठ पुरे. तेथे नोंदवही राहणार नाही, तेथे ऐकलेले तेथेच राहील. दुसऱ्या एका संध्याकाळी तीच खोली घरच्या बायकांसाठी असावी. बोलणाऱ्याने सुखाचा भाग सांगितला तर त्याला थांबवू नये, पण 'नंतर काय झाले?' आणि 'त्याची किंमत घरात कोणी मोजली?' हे दोन प्रश्न विचारल्याशिवाय त्याला उठू देऊ नये.

एक वैद्यकीय इशारा मात्र दिलाच पाहिजे. जो अनेक वर्षे रोज भरपूर पितो, त्याने गोष्ट ऐकून भारावून घरीच एकाएकी दारू बंद करू नये. पहिल्या दोन दिवसांत झटके, आणि दोन ते चार दिवसांत भ्रम, भास व तीव्र थरकाप उद्भवू शकतो आणि तो जीवघेणा ठरतो. त्याने रुग्णालयात यावे. हे दिवस औषधांच्या साहाय्याने सुखरूप पार पडतात. व्यसनमुक्तीसाठी १४४४६ आणि मानसिक आधारासाठी १४४१६ हे शासनाचे निःशुल्क दूरध्वनी क्रमांकही आहेत. आरोग्यसेविकांनी ते आपापल्या वहीत लिहून घ्यावेत.

बंधू-भगिनींनो, तुमच्या घरातला मुलगा उद्या विचारील, "अमक्याला काही झाले नाही, मग मला काय होणार?" त्याच्यावर हात उगारू नका आणि त्याला व्याख्यानही देऊ नका. ज्याला काही झाले आहे आणि जो त्यातून परत आला आहे, अशा माणसाशेजारी त्याला बसवा. अशी माणसे आपल्या पंचक्रोशीत आहेत. त्यांना बसायला जागा देणे, एवढेच आपले काम आहे.