क्लिंट ईस्टवूड : स्वतःच्याच हीरोला प्रश्न विचारणारा दिग्दर्शक

आजच्या भागातल्या माणसाचा चेहरा तुम्ही एखाद्या मीमवर तरी पाहिलाच असेल. अंगावर पोंचो, तोंडात चिरूट, डोळे बारीक केलेले. क्लिंट ईस्टवूड.

ओळख मिळायला सुरुवात टीव्हीपासून झाली. १९५९ मध्ये अमेरिकेत ‘रॉहाइड’ ही गुरं हाकणाऱ्या काऊबॉयची मालिका आली आणि त्यात क्लिंटला काम मिळालं. मग इटालियन दिग्दर्शक सर्जिओ लिओनेसोबत त्यानं तीन वेस्टर्न केले. शेवटचा, १९६६ चा ‘द गुड, द बॅड अँड द अग्ली’. कमी बोलायचं आणि झटकन गोळी घालायची, हा त्याचा हीरो जगभर चालला. १९७१ मध्ये डॉन सीगलच्या ‘डर्टी हॅरी’त तोच हीरो पोलीस झाला, आणि हा सिनेमा पोलिसाच्या मनमानीचं कौतुक करतोय, अशी सडकून टीकाही झाली.

पण त्याच वर्षी आणखी एक गोष्ट घडली. क्लिंटनं दिग्दर्शित केलेला पहिला सिनेमा आला, ‘प्ले मिस्टी फॉर मी’. आपल्यासारख्या ऑडिओवाल्यांना घाम फोडेल अशी गोष्ट आहे बरं का! रात्रीचा रेडिओ शो करणारा एक माणूस आणि त्याच्या मागे हात धुऊन लागलेली एक श्रोती. गंमत म्हणजे बारटेंडरच्या छोट्या रोलमध्ये चक्क डॉन सीगल.

क्लिंट कुठल्या फिल्म स्कूलमध्ये शिकला नाही. सेट हीच त्याची शाळा. ‘रॉहाइड’च्या वेळी जोरात ‘ॲक्शन’ ओरडलं की घोडे बिचकायचे, हे त्यानं पाहिलं होतं. म्हणून पुढे स्वतःच्या सेटवर तो हळू आवाजातच सुरुवात करायला सांगायचा. घोडा असो की नट, दचकवायचं कशाला?

आता मुख्य मुद्दा. ऐंशीच्या दशकात त्याच्या हाती एक स्क्रिप्ट आली. म्हातारा झालेला एक खुनी पैशासाठी पुन्हा बंदूक उचलतो. क्लिंटनं ती लगेच केली नाही. त्या भूमिकेचं वय आपल्याला येऊ दे म्हणून कित्येक वर्षं ठेवून दिली. १९९२ मध्ये ‘अनफरगिव्हन’ आला तेव्हा तो ६२ वर्षांचा होता.

या सिनेमात त्याला घोड्यावर धड चढता येत नाही. समोरच्या डब्यावर नेम लागत नाही. फुशारक्या मारणारा एक पोरगा पहिल्यांदा माणूस मारतो आणि नंतर अक्षरशः मोडून पडतो. म्हणजे लिओनेच्या सिनेमात ज्या गोळीवर शिट्ट्या पडायच्या, तिची किंमत इथे कळते. आणि तरीही शेवटी म्हातारा सूड घ्यायला निघतो तेव्हा आपल्याला आतून बरं वाटतं. मग त्या बरं वाटण्याचीच लाज वाटते. माझ्या मते हेच या सिनेमाचं खरं यश आहे.

सर्वोत्कृष्ट सिनेमा आणि दिग्दर्शन धरून चार ऑस्कर मिळाले. शेवटच्या श्रेयनामावलीत सिनेमा अर्पण केलाय सर्जिओ आणि डॉनला. गुरूंना प्रश्न विचारला, पण नमस्कार करून.

पुढे २००६ मध्ये त्यानं इवो जिमाच्या लढाईवर दोन सिनेमे केले. एक अमेरिकन सैनिकांच्या बाजूनं, दुसरा जपानी भाषेत, जपानी सैनिकांच्या बाजूनं. बंदुकीच्या पलीकडच्या टोकाला कोण उभं आहे, हे बघायची सवय त्याला लागली होती. २०२४ मध्ये ‘ज्युरर नंबर टू’ आला तेव्हा तो ९४ वर्षांचा होता.

आपली एखादी गोष्ट चालली, लाइक्स आले, की आपण तीच पुन्हा पुन्हा करत राहतो. क्लिंटनंही बरीच वर्षं केली. पण एका टप्प्यावर त्यानं स्वतःच्याच हिट हीरोला समोर बसवून विचारलं, की बाबा रे, तू जे केलंस त्याचं पुढे काय झालं?

या वीकेंडला आधी ‘द गुड, द बॅड अँड द अग्ली’ बघा, मग ‘अनफरगिव्हन’. याच क्रमानं हं! आणि कसं वाटलं ते कळवा. भेटूच पुढच्या भागात.