दोन शब्दांमधली जागा

माहितीपट म्हटला की आपल्या पिढीला मुख्य खेळाआधीची फिल्म्स डिव्हिजनची रिळं आठवतात. धरणं, पिकं, लसीकरण. सरकार सांगणार, आपण ऐकणार. आनंद पटवर्धन यांनी बोलण्याचा हक्क पडद्यावरच्या माणसाला दिला. 1985 च्या ‘हमारा शहर’मध्ये मुंबईतले झोपडीवासी स्वतःच बोलतात. त्यात एक शाहीर गातो, विलास घोगरे.

11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला. 10 माणसं मेली. चार दिवसांनी विलासने गळफास घेतला. त्या वेळी त्याच्या डोक्याला निळी पट्टी होती.

या निळ्या पट्टीपाशी पटवर्धन थांबले. विलास डाव्या चळवळीचा गायक. ज्या गटासाठी तो गायला, त्याच गटाने त्याला दूर केलं होतं. वर्गाची लढाई गाणारा माणूस अखेरच्या क्षणी जातीच्या वेदनेकडे का वळला? हा प्रश्न घेऊन कॅमेरा 14 वर्षं वस्त्यांतून फिरला. या काळात खटला चालला, 2009 मध्ये एका पोलीस अधिकाऱ्याला जन्मठेप झाली आणि वरच्या न्यायालयात जामीनही मिळाला. 2011 मध्ये चित्रपट पुरा झाला. नाव, ‘जय भीम कॉम्रेड’.

हे नाव मला फार मोलाचं वाटतं. दोन अभिवादनं शेजारी ठेवली आहेत. त्यांच्यामधल्या जागेत विलास उभा होता.

ती जागा मला परकी नाही. ‘तुम्ही मराठी इतकं छान कसं बोलता?’ हे कौतुक मी आयुष्यभर ऐकत आलो. विचारणारा वाईट नसतो. पण घरच्या माणसाला कुणी ‘आमच्याकडे कसे काय?’ असं विचारतं का? ज्यांचा डफ ऐकून हा महाराष्ट्र उभा राहिला, ते शाहीर अमर शेख बार्शीचे, मूळ नाव मेहबूब. अण्णा भाऊ साठे आणि गवाणकर यांच्या जोडीने ते गायले, तेव्हा गिरणी कामगारांनी त्यांच्या मराठीचा दाखला मागितला नव्हता.

माणूस एकाच वेळी मजूर असतो, दलित असतो, शाहीर असतो, कुणाचा बाप असतो. गटांना मात्र त्याचं एकच नाव हवं असतं. बाकीची नावं दाराबाहेर ठेवून ये, असं त्याला सांगितलं जातं. कुणी सांगणारा शत्रू असतो, कुणी मित्रही असतो. मित्राचं सांगणं अधिक लागतं.

पटवर्धनांचा कॅमेरा विलासला एका नावात बसवत नाही. तो वस्तीतली गाणी पूर्ण ऐकतो, न्यायाची वाट पाहणाऱ्यांबरोबर वाट पाहतो. दुसऱ्याचं दुःख मांडणाऱ्या आम्हा कवींना एवढा धीर कुठे असतो? आम्हाला दुसऱ्या दिवशी कविता हवी असते.

तेव्हा हा चित्रपट मिळाला तर जरूर पाहा. आणि उद्या शेजाऱ्याला त्याची ओळख विचाराल, तेव्हा पहिल्या उत्तरावर थांबू नका. त्याला आणखी थोडं बोलू द्या.