बेरेझिना: रात्रभर मोकळा राहिलेला पूल

आजचा भाग एका शब्दापासून सुरू करूया. फ्रान्समध्ये एखाद्या गोष्टीचा पार बट्ट्याबोळ झाला, म्हणजे परीक्षेचा, मॅचचा, निवडणुकीचा, की लोक म्हणतात, 'बेरेझिना झाली!' बेरेझिना ही आजच्या बेलारूसमधली नदी. नोव्हेंबर १८१२ मध्ये नेपोलियनचं सैन्य ती ओलांडून गेलं. आता बघा, लष्करी हिशेबाने नेपोलियन तिथे हरला नव्हता. तो सापळ्यातून निसटला होता. मग त्या नदीचं नाव बट्ट्याबोळासाठी का वापरतात? आज तेच समजून घ्यायचंय.

थोडं मागे जाऊ. जून १८१२ मध्ये नेपोलियन चार लाखांहून जास्त सैनिक घेऊन रशियात घुसला. सप्टेंबरमध्ये मॉस्को हाती आलं, पण शहर जळालं आणि झार काही तहाला तयार होईना. ऑक्टोबरमध्ये परतीचा प्रवास सुरू झाला. भूक, आजार, थंडी आणि मागे लागलेले कोसॅक घोडेस्वार. नोव्हेंबरच्या शेवटी जे उरलं होतं त्यात धड लढू शकणारे थोडे आणि नुसते पाय ओढत चालणारे जास्त. सोबत जखमी होते, सैन्याबरोबरच्या बायका होत्या, मुलं होती, मॉस्को सोडून निघालेली फ्रेंच कुटुंबंही होती.

पुढे बेरेझिना आडवी. मागून कुतुझोव्ह येतोय, उत्तरेकडून विटगेनश्टाइन उतरतोय, आणि नदीपलीकडे चिचागोव्ह बसलाय. २१ नोव्हेंबरला चिचागोव्हच्या सैन्याने बोरिसोव्हचा पूल ताब्यात घेतला. दोन दिवसांनी फ्रेंचांनी गाव परत मिळवलं, पण रशियनांनी जाताना पूल जाळून टाकला. कडाक्याची थंडी असती तर नदी गोठली असती आणि सगळे बर्फावरून चालत गेले असते. नेमकं त्याच दिवसांत हवामान थोडं उबदार झालं. बर्फ फुटला, मोठमोठे तुकडे पाण्यातून वाहायला लागले.

इथे दोन गोष्टी नेपोलियनच्या बाजूने घडल्या. पहिली: कॉर्बिनो नावाच्या सेनानीच्या घोडेस्वारांना बोरिसोव्हच्या उत्तरेला, स्टुड्यांका गावाजवळ उतार सापडला होता. घोडा पार होईल इतकंच पाणी. मग फ्रेंचांनी दक्षिणेला मुद्दाम हालचाल दाखवली, जणू काही पूल तिकडेच बांधणार. चिचागोव्ह फसला आणि आपलं बरंचसं सैन्य घेऊन दक्षिणेला गेला.

दुसरी गोष्ट म्हणजे जनरल एब्ले. सैन्याकडे तरंगते पूल बांधायचं सामान होतं, पण ओझं कमी करायचं म्हणून नेपोलियनने वाटेत ते जाळायला लावलं. एब्लेने मात्र हत्यारांच्या सहा गाड्या, दोन भट्ट्या आणि कोळसा वाचवून आणला. त्याच्याकडे पूल बांधणारे साधारण ४०० सैनिक होते, त्यात पुष्कळ डच. २६ नोव्हेंबरला त्यांनी स्टुड्यांकातली घरं पाडून लाकूड काढलं, त्याच्या घोड्या बनवल्या, आणि बर्फाचे तुकडे अंगावर येत असताना छातीभर पाण्यात उतरून त्या रोवल्या. दुपारी एकच्या सुमाराला पायदळाचा पूल तयार. चारच्या सुमाराला तोफा आणि गाड्यांचा दुसरा पूल तयार. हा दुसरा पूल पुन्हा पुन्हा मोडला. प्रत्येक वेळी तीच माणसं अंधारात परत पाण्यात उतरली.

आता खरा मुद्दा ऐका. पूल राखायचा म्हणजे काय करायचं? तर पूल ओलांडायला लागणारा वेळ मिळवायचा. शत्रूला हरवायचं नसतं, नुसतं थोपवायचं असतं. प्रत्येक तास कुणाच्या तरी जिवावर विकत घ्यायचा.

२८ नोव्हेंबरला दोन्ही काठांवर एकदमच लढाई पेटली. पश्चिमेला चिचागोव्ह परत आला होता. तिथे मार्शल उदिनो जखमी झाला आणि मार्शल नेने सूत्रं हातात घेतली. स्विस रेजिमेंट्सची तिथे अक्षरशः चाळण झाली. पूर्वेला मार्शल व्हिक्टर पुलांकडे पाठ करून उभा होता. त्याची एक अख्खी डिव्हिजन आदल्या रात्री रस्ता चुकून रशियनांच्या हाती सापडली होती. जे उरले ते बहुतेक जर्मन आणि पोलिश, आणि समोरचं सैन्य त्यांच्यापेक्षा खूप मोठं. बाडेनची तुकडी तर पूल ओलांडून सुरक्षित पोचली होती. तिला हुकूम आला, परत या. ते परत गेले. बाडेन आणि हेसच्या काहीशे घोडेस्वारांनी हल्ला चढवून रशियन पायदळ रोखलं, आणि त्यातले फार थोडे परतले.

संध्याकाळपर्यंत व्हिक्टरची फळी तुटली नाही. पण रशियन तोफगोळे मागच्या गर्दीत पडत होते. लोक पुलांकडे धावले, चेंगरले, पाण्यात पडले. रात्री नऊनंतर व्हिक्टर मागे हटू लागला, तेव्हा त्याच्या सैनिकांना जाता यावं म्हणून एब्लेच्या माणसांना प्रेतांमधून वाट काढावी लागली. मध्यरात्रीनंतर व्हिक्टरचे लोक पार झाले.

आणि मग पूल मोकळे झाले. गोळीबार थांबलेला, वाट उघडी, अलीकडच्या काठावर हजारो माणसं. आणि फारसं कुणी हललंच नाही.

एब्ले शेकोट्यांपाशी जाऊन सांगत होता, सकाळी पूल जाळणार आहोत, आत्ता निघा. लोक बसून राहिले. आपल्याला आज हे वेडेपणाचं वाटतं. पण विचार करा: कित्येक दिवसांचा उपास, कडाक्याची थंडी, समोर शेकोटीची थोडीशी ऊब. दिवसभर त्याच पुलावर माणसं चिरडलेली बघितलीत. 'उजाडल्यावर बघू' हे अशा वेळी कुणाच्याही मनात येईल.

मला विचाराल तर दोष त्या शेकोटीजवळच्या माणसांचा नाही. सैन्यात कोणती तुकडी कधी पार होणार याचे हुकूम होते. पण जो रांगेतून बाहेर पडला, ज्याचा अधिकारी मेला, जी बाई मूल कडेवर घेऊन चालत होती, त्यांच्यासाठी हुकूमच नव्हता. त्यांना उठवून, हाताला धरून नेणारं कुणी नेमलेलंच नव्हतं. बाडेनच्या सैनिकांनी जीव देऊन एक रात्र विकत घेतली, आणि ती वाया गेली.

२९ तारखेला सकाळी पूल जाळायची वेळ आली. एब्लेने शक्य तितकी चालढकल केली. साडेआठच्या सुमाराला रशियन जवळ दिसले आणि त्याने आग लावली. तेव्हा मात्र सगळे धावले, जळत्या फळ्यांवरून, पाण्यातून. मागे राहिलेल्यांवर थोड्याच वेळात कोसॅक येऊन पोचले. पाण्यात उतरलेले एब्लेचे बहुतेक सैनिक पुढच्या काही आठवड्यांत गेले. डिसेंबरच्या अखेरीस कोनिग्सबर्गमध्ये एब्लेही गेला.

नेपोलियन निसटला, त्याचे मार्शल निसटले, पुढच्या वर्षी नवं सैन्य उभं राहिलं. म्हणून लष्करी पुस्तकं याला यशस्वी माघार म्हणतात. बोलीभाषेने मात्र काठावर राहिलेल्यांची बाजू धरली.

जाता जाता एक काम देतो. फोनवर मिनार्डचा नकाशा शोधा. रस्ते आणि पूल बांधणाऱ्या खात्यातल्या या निवृत्त फ्रेंच इंजिनीयरने १८६९ मध्ये ही सगळी मोहीम एका बारीक होत जाणाऱ्या पट्ट्यात काढली. बेरेझिनापाशी बोट ठेवा: ५०,००० चे २८,००० होतात. आणि लक्षात ठेवा, त्या पट्ट्यात फक्त सैनिक मोजलेत. शेकोटीजवळच्या बायका-मुलांचा आकडा त्यात नाहीच.