अनंतकोटी ब्रह्मांडे

आमच्या लहानपणी घरी संध्याकाळची आरती आटोपली, की आजोबा हात उंचावून 'अनंतकोटी ब्रह्मांडनायक' अशी ललकारी देत आणि आम्ही मुले प्रसादाच्या वाटीवर डोळे ठेवून त्यांच्या सुरात सूर मिळवीत असू. ब्रह्मांडे अनंत कोटी आहेत, या विधानात काही विलक्षण आहे असे त्या वेळी कोणाच्याच मनात आले नाही. पुढे तत्त्वज्ञान घेऊन एम. ए. झालो आणि सरकारी नोकरीत शिरलो. तेथे 'कोटी' हा शब्द दिसला, की त्याखालची बेरीज तपासण्याची खोड जडली. ती खोड एके दिवशी आजोबांच्या ललकारीपर्यंत जाऊन पोहोचली. जग एक की अनेक? आणि ती अनेक असतील, तर या एका जगात आपण जे करतो त्याचे मोल काय?

आपल्याकडे या कल्पनेचे भय कधी कोणाला वाटले नाही. ब्रह्मवैवर्त पुराणात इंद्राची एक कथा आहे. प्रासादाच्या बांधकामापायी विश्वकर्म्याला जेरीस आणणाऱ्या इंद्रापुढे विष्णू बटुरूपाने येतो, जमिनीवरून चाललेली मुंग्यांची रांग दाखवतो आणि सांगतो, की यांतील प्रत्येक मुंगी कोणे एके काळी इंद्रपदावर होती. सत्ताधाऱ्यांना ऐकवण्यासारखी याहून चांगली कथा मला ठाऊक नाही. योगवासिष्ठातल्या लीलेच्या आख्यानात तर एका ब्राह्मणाच्या लहानशा घरात राजाचे सबंध राज्य सामावलेले आहे. गौतम बुद्धांनी मात्र या चर्चेला दाराशीच थांबवले. जग सान्त की अनंत, असे विचारणाऱ्या मालुंक्यपुत्ताला त्यांनी विषारी बाण लागलेल्या माणसाचा दृष्टांत दिला. बाण कोणी मारला, धनुष्य कशाचे होते, हे कळल्यावाचून बाण काढू देणार नाही असे म्हणणारा मनुष्य उत्तर मिळण्यापूर्वीच मरून जाईल. हा दृष्टांत पुढे मला निराळ्या संदर्भात आठवायचा होता.

ग्रीसमध्ये हा वाद रीतसर झडला. परमाणू असंख्य आणि अवकाश अमर्याद, तेव्हा जगेही असंख्यच असली पाहिजेत, असे एपिक्युरसचे म्हणणे. ॲरिस्टॉटलला ते पटणारे नव्हते. पृथ्वीतत्त्वाची स्वाभाविक ओढ विश्वाच्या केंद्राकडे असते. दुसरे जग असेल तर तेथील माती कोणत्या केंद्राकडे धावणार? म्हणून जग एकच. हा युक्तिवाद युरोपात इतका प्रमाण मानला गेला, की १२७७ मध्ये पॅरिसच्या बिशपला उलट बाजूने हस्तक्षेप करावा लागला. ईश्वराला अनेक जगे निर्माण करता येणार नाहीत, असे शिकवण्यावर त्याने बंदी घातली. ईश्वराच्या अधिकारकक्षेवर पंडितांनी मर्यादा घालावी, हे त्याला रुचले नसावे. पुढे जोर्दानो ब्रूनोने अनंत विश्व आणि असंख्य जगे यांचा उघड पुरस्कार केला, आणि १६०० च्या फेब्रुवारीत रोममध्ये त्याला जिवंत जाळण्यात आले. त्याच्यावरील आरोपांची यादी लांब होती व त्यांतले बरेचसे धर्ममताविषयीचे होते. केवळ अनेक जगे मानली म्हणून तो मेला, असे म्हणणे म्हणजे इतिहास फारच सोपा करणे होय; पण ते मतही त्या यादीत होते.

एका अर्थाने या वादाचा निकाल आता लागला आहे. मायोर आणि केलोझ या स्विस शास्त्रज्ञांनी १९९५ मध्ये सूर्यासारख्या एका दूरच्या ताऱ्याभोवती फिरणारा ग्रह शोधला. ग्रह डोळ्यांना दिसला नव्हता. त्याच्या ओढीने तारा किंचित डोलतो, एवढ्यावरून त्याचा पत्ता लागला. आज असे पाच हजारांहून अधिक ग्रह ज्ञात आहेत. त्यांपैकी एकाचे २०१९ मध्ये भारताच्या वतीने 'संतमस' असे नाव ठेवण्यात आले, आणि ज्या ताऱ्याभोवती तो फिरतो त्याला भौतिकशास्त्रज्ञ बिभा चौधुरी यांचे. संतमसावरचे वर्ष सुमारे दोन दिवसांचे आहे. तेथे बदली झाल्यास वार्षिक वेतनवाढ एक दिवसाआड पडेल; मात्र उष्णतेने ती घ्यायला कोणी उरणार नाही.

पण ही सारी जगे एकाच अवकाशातली, दुर्बिणीच्या टप्प्यातली. मला छळणारा प्रश्न निराळा होता. जे घडले नाही, त्याचे काय होते?

लायब्निट्सने १७१० मध्ये लिहिले, की ईश्वरापुढे असंख्य संभाव्य जगे होती व त्यांतले सर्वोत्तम तेवढे त्याने प्रत्यक्षात आणले. आमच्या भाषेत सांगायचे, तर सारे प्रस्ताव मेजावर आले, एक मंजूर झाला आणि उरलेले दप्तरी दाखल झाले. १९५७ मध्ये ह्यू एव्हरेट या अमेरिकन तरुणाने प्रिन्स्टनच्या आपल्या प्रबंधात जे मांडले, त्याचा अर्थ असा, की कोणताच प्रस्ताव दप्तरी दाखल होत नाही. सूक्ष्म कण एकाच वेळी अनेक अवस्थांत असतो, हे पुंजभौतिकीचे गणित सांगते. मोजमाप करताच मात्र आपल्याला एकच अवस्था दिसते. बाकीच्या नाहीशा झाल्या, असे शास्त्रज्ञ मानीत. एव्हरेट म्हणाला, की नाहीसे होण्याची तरतूद मूळ समीकरणात कोठेच नाही. सर्व अवस्था राहतात. पाहणाराच अनेक होतो आणि प्रत्येकाला आपले जग तेवढे एकच वाटते. त्या काळी फारसे कोणी लक्ष दिले नाही. एव्हरेट संरक्षणखात्याच्या कामाकडे वळला, आणि १९७० मध्ये ब्राइस डेविट यांनी या मताचा मोठ्या प्रमाणावर प्रसार केला. त्याचा निवाडा करील असा प्रयोग अद्याप झालेला नाही.

मराठी वाचकाला ही वाट जयंत नारळीकरांनी दाखवली. 'गंगाधरपंतांचे पानिपत' या त्यांच्या कथेतील प्राध्यापक अशा एका जगात जाऊन पोहोचतात, जेथे विश्वासरावांना गोळी लागत नाही व मराठे जिंकतात. खरे तर 'पानिपत झाले नसते तर' या जगात मराठी माणूस १७६१ पासून वस्ती करूनच आहे. नारळीकरांनी त्या वस्तीला शास्त्राचा आधार दिला, इतकेच.

माझे पानिपत लहान आहे. अठ्ठाविसाव्या वर्षी मी एका नदीकाठच्या भागात प्रांताधिकारी होतो. ऑगस्टमधल्या एका रात्री वरच्या धरणातून पाणी सोडल्याचा निरोप आला. काठावर तीनशे वस्तीचे गाव. एक म्हातारी तापाने फणफणलेली. सकाळपर्यंत थांबा, अशी तिची विनवणी. मी थांबलो नाही. भर पावसात गाव हलवले. पाणी देवळाच्या पारापर्यंत आले आणि ओसरले. एकाही घरात शिरले नाही. तिसऱ्या दिवशी म्हातारी शाळेच्या खोलीत वारली. तिचा मुलगा मला एवढेच म्हणाला, "सायेब, पानी काय आलं न्हाई."

एव्हरेटची ओळख झाल्यावर काही दिवस मला मोठा दिलासा वाटला. कोठल्या तरी जगात पाणी आले असेल आणि माझ्या हुकुमामुळे तीनशे माणसे वाचली असतील. मग ध्यानात आले, की कोठल्या तरी जगात मी सकाळपर्यंत थांबलो असेन आणि म्हातारी बरी झाली असेल. आणि आणखी एखाद्या जगात थांबलो असेन आणि गाव वाहून गेले असेल. शिवाय जगांना फाटे फुटतात ते पुंजघटनांमुळे, अधिकाऱ्याच्या सहीमुळे नव्हे, ही अडचण निराळीच. सर्व संभाव्य जगे आपल्या जगाइतकीच खरी आहेत, असे १९८६ मध्ये प्रतिपादणाऱ्या डेव्हिड लुइस या तत्त्वज्ञापुढेही हाच आक्षेप आला होता. चांगले-वाईट सारे कोठे ना कोठे घडतच असेल, तर चांगले करण्याचा खटाटोप कशाला? त्याच्या उत्तराचा आशय असा, की इतर जगांतल्या माणसांचे भले-बुरे आपल्या हाती नाही. आपली आस्था ज्यांच्याशी बांधलेली आहे ती माणसे याच जगात आहेत. हे वाचताना मालुंक्यपुत्ताचा बाण आठवला. म्हातारीचा मुलगा याच जगात होता.

गेल्या वर्षी त्या बाजूला जाणे झाले. गावकऱ्यांनी पाराच्या दगडावर त्या वर्षीच्या पाण्याची खूण तेलरंगाने करून ठेवली आहे. वरच्या पायरीपासून ती वीतभर खाली आहे. मुलाने ओळखले, घरी नेले, चहा दिला. आईचा विषय त्याने काढला नाही. मला काढायचा होता, पण तोवर गाडीवाला बोलवायला आला.