वेडाचा शिक्का आणि न्यायालयाची तारीख

(वळसंग येथील व्याख्यान)



पुण्याच्या एका दांपत्याचा विवाह 1956 साली झाला. 1962 च्या फेब्रुवारीत पतीने न्यायालयात अर्ज केला. पत्नीचा मनोविकार लपवून फसवणूक झाली, तिला असाध्य वेड आहे, ती क्रूरपणे वागते, असे त्याचे आरोप होते. पैकी फसवणुकीचा आणि वेडाचा आरोप पहिल्याच न्यायालयात टिकला नाही. तरी क्रूरतेच्या मुद्द्यावर प्रकरण पायरीपायरीने वर चढत गेले. न्या. यशवंत चंद्रचूड यांनी लिहिलेला सर्वोच्च न्यायालयाचा निकाल लागला तो 1975 च्या मार्चमध्ये, आणि अर्ज नामंजूर झाला. तेरा वर्षे गेली! कायद्याचे विद्यार्थी या निकालातून पुराव्याचे प्रमाण शिकतात. तेवढ्या काळात त्या घरातील मुली किती मोठ्या झाल्या, हे कोणी शिकवीत नाही.

पुढच्याच वर्षी हिंदू विवाह कायद्यात दुरुस्ती होऊन असे खटले शक्यतो सहा महिन्यांत संपवावेत, असे कलम आले. 1984 साली कौटुंबिक न्यायालयांचा कायदा झाला. पण 'शक्यतो' हा शब्द मोठा सोयीचा आहे.

मानसिक क्षमतेचा प्रश्न निघाला की दिरंगाईला कायदेशीर कारणच मिळते. ज्या पक्षकाराला स्वतःचे हित सांभाळता येत नाही, त्याच्यासाठी न्यायालयाने चौकशी करून पालक नेमावा, असे दिवाणी संहिता सांगते. हे आवश्यकच आहे; पालकावाचून दिलेला निकाल पुढे रद्द होऊ शकतो आणि सारे मुळापासून सुरू होते. मात्र पालक कोण? पती तर विरुद्ध पक्षात. भाऊ तारखेला येत नाही. डॉक्टरांचा अहवाल यायचा असतो. आला की त्यावर हरकत. वैद्यकीय तपासणीचा आदेश न्यायालय देऊ शकते, हे सर्वोच्च न्यायालयाने 2003 साली स्पष्ट केले. रोगाचे नाव सिद्ध झाले म्हणजे घटस्फोट मिळत नाही, त्याची तीव्रता पाहावी लागते, हे तर 1988 सालीच सांगितले होते. 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्याने आणखी बजावले की मनोरुग्ण ठरणे म्हणजे कायद्याने विकलबुद्धी ठरणे नव्हे. त्याच कायद्याप्रमाणे आजाराच्या पुराव्याला आव्हान मिळाल्यास प्रकरण पुनर्विलोकन मंडळाच्या मतासाठी पाठवावे लागते. संरक्षण उत्तम, पण प्रत्येक संरक्षणाबरोबर एक नवी खिडकी आणि तिच्यापुढे एक नवी रांग.

ही रांग सर्वांना सारखी महाग नसते. वळसंगहून सोलापूरच्या न्यायालयात जाणाऱ्या विडी कामगार बाईची मजुरी हजार विड्यांवर ठरते. तारखेच्या दिवशी विड्या होत नाहीत, एस.टी.चे भाडे मात्र द्यावेच लागते. पगारी पतीची त्या दिवशी रजा असते. एकीच्या पोटातून आणि दुसऱ्याच्या रजेतून जाणारा हा खर्च न्यायालयाच्या हिशेबात कोठेच दिसत नाही. ज्याला थांबणे परवडते, त्याच्यासाठी दिरंगाई हे हत्यार होते, आणि 'वेडी' हा शब्द त्या हत्याराची मूठ.

तेव्हा मागणी अगदी साधी आहे. क्षमतेची चौकशी चालू आहे म्हणून अंतरिम पोटगी अडवू नये. नोटीस बजावल्यापासून शक्यतो साठ दिवसांत तो अर्ज निकाली काढावा, असे 2001 पासून कायद्यातच आहे. पालक नेमणे आणि वैद्यकीय अहवाल यांसाठी पहिल्याच तारखेला मुदत ठरवून द्यावी. स्त्रियांना आणि मनोरुग्णांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. तो मिळवण्यासाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा लागतो. येथील कार्यकर्त्यांनी तो अर्ज लिहून देण्याचे काम याच आठवड्यात सुरू करावे.