श्वासाचे माप आणि पाटीवरची पेन्सिल



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, त्यांनीच इंदूरच्या या वास्तूत माझा हात धरून पाटीवर पहिली अक्षरे गिरवून घेतली. त्यांच्या नावाने बोलण्याचा मान मला मिळाला, याबद्दल मी शाळेचा ऋणी आहे. छातीच्या विकारांचा वैद्य म्हणून मी श्वासाच्या चाचणीविषयी बोलणार आहे. परंतु हा विषय अखेरीस त्या पाटीपाशीच परत येतो.

फुप्फुसाला लोहाराच्या भात्याची उपमा देता येईल. भाता दोन प्रकारांनी निकामी होतो. एक, त्याची नळी चोंदते; दमा आणि धूम्रपानाने जडणारा श्वासनलिकांचा विकार हे या जातीचे. दुसरा, त्याचे कातडेच ताठर होऊन आक्रसते, म्हणजे नळी मोकळी असूनही भाता पुरता फुलत नाही. यालाच आम्ही रेस्ट्रिक्टिव्ह, म्हणजे आकुंचनाचा विकार म्हणतो. फुप्फुसात तंतू माजल्याने तो होतो; तसाच पाठीच्या कण्याच्या वाकण्याने, स्नायूंच्या दुर्बलतेने किंवा अतिस्थूलतेनेही होतो.

श्वास मोजण्याची कल्पना जुनी आहे. जॉन हचिन्सन या इंग्रज वैद्याने दोन हजारांहून अधिक माणसांचे श्वास मोजून १८४६ साली आपला निबंध प्रसिद्ध केला. माणसाची उंची आणि त्याच्या श्वासाची मात्रा यांचा नियमित संबंध त्याने दाखवून दिला. आजच्या स्पायरोमेट्रीचे मूळ तेथे आहे. रुग्णाने छाती भरून श्वास घ्यावयाचा आणि सर्व बळ एकवटून, छाती रिकामी होईपर्यंत तो सोडावयाचा. यातून दोन आकडे हाती येतात : एकूण किती हवा बाहेर पडली, आणि त्यांतील किती पहिल्या सेकंदात पडली. नळी चोंदली असेल तर पहिल्या सेकंदाचा वाटा घटतो. भाता आक्रसला असेल तर एकूण हवाच घटते. पहिल्या सेकंदाचा वाटा मात्र उत्तम राहतो, कित्येकदा वाढतोही.

या 'उत्तम' वाट्यानेच मला एकदा फसविले. माझ्या व्यवसायाच्या आरंभीच्या वर्षांतील ही गोष्ट आहे. मंदसौरकडील एक चाळिशीचा कारागीर धाप लागते म्हणून आला होता. त्याने दोन लिटर हवा सोडली, पैकी १.७ लिटर पहिल्या सेकंदात, म्हणजे ८५ टक्के. मी तेवढेच पाहिले आणि म्हणालो, "नळ्या मोकळ्या आहेत, काळजी करू नका." त्याच्या वयाच्या आणि उंचीच्या माणसाने साडेतीन लिटरच्या आसपास हवा सोडावयास हवी होती, या गोष्टीकडे माझे लक्षच गेले नाही. तो काय काम करतो, हेही मी विचारले नाही.

वर्षाने तो परतला, तेव्हा जिना चढणेही त्याला जड झाले होते. "साहेब, फुंकणं तर ठीक निघालं होतं ना?" असे त्याने आपल्या माळवी बोलीत विचारले. एक्स-रेमध्ये दोन्ही फुप्फुसांत सिलिकोसिसच्या गाठी दिसत होत्या. मधले सारे वर्ष त्याने पेन्सिली कापणाऱ्या करवतीपाशीच काढले होते. त्या वर्षाचा हिशेब मला आजवर चुकता करता आलेला नाही.

मंदसौर आणि आसपासच्या गावांत दगड कापून पाटीवरच्या पेन्सिली होत. विजेच्या करवती आल्या आणि धूळही वाढली. त्या धुळीतील सिलिकाचे सूक्ष्म कण फुप्फुसात खोल रुतून बसतात, त्यांच्याभोवती तंतूंच्या गाठी होतात आणि क्षयरोगाला आयते दार मिळते. १९८५ साली प्रसिद्ध झालेल्या अहमदाबादच्या राष्ट्रीय व्यावसायिक आरोग्य संस्थेच्या पाहणीत ५९३ पेन्सिल-कामगारांपैकी निम्म्याहून अधिकांना सिलिकोसिस आढळला. आपण ज्या पेन्सिलीने 'श्री' गिरविला, तिची किंमत आणखी कोणीतरी मोजत होते.

मग आकडा कमी आला की आकुंचनाचा विकार ठरला, असे म्हणावे काय? नाही. १९९९ साली प्रसिद्ध झालेल्या एका कॅनडियन अभ्यासात १८३१ रुग्णांची तपासणी होती. एकूण हवा कमी सोडणाऱ्यांपैकी केवळ ४१ टक्क्यांच्या ठायी खरे आकुंचन निघाले. उलट हवा पुरेशी सोडणाऱ्यांपैकी सुमारे ९८ टक्के त्यापासून मुक्त होते. रुग्ण अर्ध्यावर थांबला, किंवा चोंदलेल्या नळ्यांमागे हवा अडकून राहिली, तरीही आकडा घटतो. म्हणून निदान तीन चांगले प्रयत्न घ्यावेत, आणि त्यांतील सर्वोत्तम दोहोंत १५० मिलिलिटरहून अधिक अंतर नसावे. शेवटचा निर्णय फुप्फुसाची एकूण धारिता मोजूनच होतो, कारण श्वास सोडल्यावरही आत उरणारी हवा स्पायरोमीटरला दिसत नाही. आणि आकडा चांगला आला तरी धुळीत राबणाऱ्याला निर्धास्त करू नये; आरंभीच्या सिलिकोसिसमध्ये एक्स-रे बोलतो, श्वासाचे माप गप्प राहते.

तात्पर्य इतकेच, की ही चाचणी प्रश्न विचारते, निवाडा देत नाही. कामावर रुजू होताना कामगाराचे माप घेऊन ठेवावे आणि पुढची मापे त्याच्याशी ताडून पाहावीत. त्याचे स्वतःचे जुने माप ही कोणत्याही छापील तक्त्याहून अधिक विश्वासाची साक्ष असते. माजलेले तंतू विरघळविणारे औषध आजही आपल्यापाशी नाही. वेळीच कळले तर धूळ तोडता येते, क्षयावर लक्ष ठेवता येते आणि कामगाराला त्याचा हक्क मागता येतो.

इटलीच्या रामाझिनीने १७०० साली वैद्यांना सांगून ठेवले होते, की रुग्णाला त्याचा धंदा विचारा. मी तो प्रश्न एका वर्षाने उशिरा विचारला. येथे बसलेल्या विद्यार्थ्यांपैकी जे वैद्य होतील त्यांनी तो पहिल्याच भेटीत विचारावा. आणि जे वैद्य होणार नाहीत त्यांनी हाती आलेल्या प्रत्येक वस्तूविषयी विचारावा, की ही कोणी घडविली आणि कोणत्या हवेत घडविली. गुरुजींच्या स्मृतीस माझे हेच अभिवादन.