पोरांना वर्गाबाहेर काढू नका

वेळ थोडा आहे, म्हणून मुद्द्याचंच सांगते. आपल्या उमरीकडं शाळेत पाळीची माहिती द्यायला आशाताई आल्या की पहिली सूचना काय होते? "पोरांनो, मैदानावर जा." पोरी आत, पोरं कबड्डीला. माझं म्हणणं एवढंच आहे, पोरांना बाहेर काढू नका.

आपण पुढं सरकलो, हे मी नाकारत नाही. र. धों. कर्व्यांनी 1927 साली मुंबईत लैंगिक ज्ञानाचं 'समाजस्वास्थ्य' मासिक काढलं, तेव्हा उमरी निजामाच्या राज्यात होती. पुढं 2007 मध्ये आपल्याच राज्यानं शाळेतल्या लैंगिक शिक्षणावर बंदी घातली, तेही पाहिलं. मग 2018 ला अस्मिता योजना आली, जिल्हा परिषद शाळेतल्या पोरींना 5 रुपयांत 8 पॅड मिळू लागले. चांगलंच झालं. दहावीच्या विज्ञानात तर पाळीचं चक्र आकृतीसकट आहे. पण तो धडा आला की "घरी वाचून घ्या"!

शेतकरी भावांनो, तुम्ही गोऱ्ह्यांची जोडी धरता. एकाला जुवाची सवय लावली आणि दुसरा मोकाट सोडला, तर तिफण सरळ चालेल का? शिकलेला कितीही गुणी असू द्या, तास वाकडंच पडणार. आणि चाबूक कुणाला बसतो? जो ओढतोय त्यालाच! पोरींचं हेच होतं. गणवेशावर डाग दिसला की खिदळतो तो मोकाट राहिलेलाच, आणि त्या खिदळण्यापायी घरी बसते ती पोरगी.

शिवाय पोरांचं स्वतःचं काही नसतं का? आवाज फुटतो, मिसरूड येतं, झोपेत वीर्य जातं. पोरगं घाबरतं. कुणाला विचारणार? भिंतीवरच्या 'गुप्तरोग'वाल्याची जाहिरात वाचतं, नाहीतर मोबाइल उघडतं.

म्हणून पुन्हा सांगते, पोरांना आत बसवा. 2020 पासून केंद्राच्या शालेय आरोग्य कार्यक्रमात प्रत्येक शाळेत दोन शिक्षक नेमायचं ठरलंय, शक्यतो एक मॅडम आणि एक सर. ते सर पोरांसाठीही आहेत. पालकहो, शाळा व्यवस्थापन समितीच्या पुढच्या बैठकीत मुख्याध्यापकांना एवढंच विचारा: आपल्या शाळेतले ते सर कोण, आणि पोरांचा तास कोणत्या वारी असतो?